वायरीचं दुसरं टोक

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो आहे. परवा न्यूजरीलच्या, म्हणजे थिएटरात दाखवायच्या वृत्तचित्रांच्या, कॅमेरामनांवरचं माझं भाषण संपल्यावर तुम्ही उठलात आणि म्हणालात, "सर, त्या जुन्या न्यूजरीलवाल्यांना भीती नाही वाटायची? आणि तुम्हाला कधी वाटली नाही?" मी नेहमीचं उत्तर दिलं. फाइंडरला, म्हणजे कॅमेऱ्यातून बघायच्या भिंगाला, डोळा लावला की भीती उरत नाही, असं. टाळ्या पडल्या. परतीच्या एस.टी.त मला झोप लागली नाही.

राग तुमच्यावर नाही. हाच प्रश्न मला मुलीच्या सासरी विचारलाय, सोसायटीच्या वॉचमनने विचारलाय, मोतीबिंदूचं ऑपरेशन करताना डॉक्टरांनी टेबलावर विचारलाय. तीस-पस्तीस वर्षं मी तेच उत्तर देत आलोय. ते खोटं नाही. पण अर्धं आहे, आणि अर्धं आहे हे मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं.

आधी त्या जुन्या लोकांचं सांगतो. त्यांच्याबद्दल बोलणं मला सोपं जातं.

1910 च्या सुमाराला, पाथे कंपनीची वृत्तचित्रं दर आठवड्याला थिएटरांत लागायला लागली तेव्हा, कॅमेरा हाताने फिरवायचा असे. सेकंदाला हँडलचे दोन फेरे, एका फेऱ्यात आठ चौकटी, म्हणजे सेकंदाला सोळा. हा वेग मनगटात मुरलेला लागायचा. भाषणात मी हात फिरवून दाखवतो तेव्हा समोरची मुलं हसतात. घरी जाऊन एकदा करून बघा म्हणावं. उजवा हात हँडलवर. डावा हात ट्रायपॉडच्या डोक्यावरच्या दुसऱ्या मुठीवर, कारण कॅमेरा वळवायलाही मूठच फिरवावी लागे. दोन्ही हात गुंतलेले, एक डोळा गुंतलेला. गोळीबार सुरू झाला की बाकीचे जमिनीवर आडवे आणि तुम्ही एकटे उभे, कारण ट्रायपॉड उभा आहे. आणि लांबून बघणाऱ्या शत्रूला काय दिसतं? तीन पायांवर ठेवलेलं कसलंसं यंत्र आणि त्याच्यामागे वाकलेला माणूस. मशीनगनही तशीच दिसते.

जेफ्री मॅलिन्स नावाचा इंग्रज कॅमेरामन पहिल्या महायुद्धात, 1 जुलै 1916 ला, फ्रान्समधल्या सोमच्या आघाडीवर असाच उभा होता. हॉथॉर्न रिजच्या जर्मन मोर्च्याखाली इंग्रजांनी भुयार खणून जवळपास अठरा टन स्फोटक भरून ठेवलं होतं. सकाळी 7 वाजून 20 मिनिटांनी ते उडणार होतं. मॅलिन्सने वेळेच्या थोडं आधी हँडल फिरवायला घेतलं. फेऱ्यांवर फेरे झाले, स्फोट होईना. त्या क्षणी आपल्याला कसली धास्ती वाटत होती ते त्याने पुढे आठवणींत लिहून ठेवलंय: स्फोटाआधी फिल्म संपेल, ही! मग जमीन उचलली गेली, मातीचा डोंगर आकाशात गेला आणि हा फिरवतच राहिला. ते दृश्य तुम्ही परवा पडद्यावर पाहिलंत.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. इतकं खरं सहसा कुणी लिहीत नाही. या धंद्यात भीती असतेच, ती जिवावरून उठते आणि जाऊन फिल्मवर बसते. माझ्या काळात ती बॅटरीवर बसायची, टेपवर बसायची. सोमच्याच त्या चित्रपटात खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांची काही दृश्यं आघाडीच्या मागे, तालमीच्या जागी घेतलेली आहेत. ते उघड झाल्यावर लोकांनी फसवणूक म्हटलं. मला त्यात वेगळंच दिसतं. खऱ्या चढाईच्या क्षणी तिथे ट्रायपॉड लावून जिवंत राहणं किती अवघड होतं, याचा तो पुरावा आहे.

ट्रायपॉड नको म्हणून एरोस्कोप नावाचा कॅमेरा तोवर निघाला होता. कझिमिएश प्रुशिन्स्की या पोलिश संशोधकाने तो केला. सायकलला हवा भरतात तशी पंपाने हवा भरून ठेवायची आणि दाबलेल्या हवेच्या जोरावर फिल्म पळायची. हात मोकळे झाले. कॅमेरा छातीशी धरून कुठेही जाता येऊ लागलं, आणि ही माणसं कुठेही जाऊ लागली. पहिल्या महायुद्धात एरोस्कोप घेतलेले इतके कॅमेरामन आघाडीवर मेले की लोक त्याला मरणाचा कॅमेरा म्हणायला लागले. आमच्या धंद्यात प्रत्येक नवी सोय अशीच येते. कॅमेरा हलका होतो आणि माणूस मरणाच्या एक पाऊल आणखी जवळ जाऊन उभा राहतो. एवढं करून घेतलेली फिल्म पुन्हा नायट्रेटची. एकदा पेटली की पाण्याखालीसुद्धा जळत राहते. डबे बगलेत मारून रेल्वेने नेणारा माणूस काय घेऊन बसलाय हे डब्यातल्या उतारूंना कळलं असतं तर त्यांनी साखळी ओढली असती.

आता तुमच्या प्रश्नाची जी सख्खी बहीण आहे, "मदत का नाही केलीत?", तिच्यासाठी शांघायची गोष्ट. 28 ऑगस्ट 1937. दक्षिण रेल्वे स्टेशनवर शहर सोडून निघालेल्या लोकांची गर्दी आणि त्या गर्दीवर जपानी विमानांनी टाकलेले बॉम्ब. वाँग नावाचा चिनी न्यूजरील कॅमेरामन तिथे पोचला. हातात आयमो होता, म्हणजे चावीने चालणारा, शंभर फुटी रिळाचा, जेमतेम मिनिटाभराचा कॅमेरा, आणि जोडीला फोटोचा लायका. उद्ध्वस्त रुळांशेजारी बसून रडणारं ते एकटं तान्हं मूल त्याने टिपलं. ते चित्र जगभर गेलं. आपले बूट रक्ताने भिजलेत हे तिथेच आपल्या लक्षात आलं असं त्याने नंतर सांगितलं. उरलेली फिल्म संपवून तो मुलाला उचलायला धावला, तेवढ्यात मुलाचा बाप आला. पुढे जपान्यांनी हे सगळं बनावट आहे म्हणून ओरड केली, त्याच्या डोक्यावर 50,000 डॉलरचं इनाम लावलं, धमक्या आल्या. म्हणजे बॉम्ब पडायचे थांबले तरी त्याचा धोका संपला नव्हता.

"उरलेली फिल्म संपवून." भाषणात मी हे शब्द भरभर म्हणतो आणि पुढच्या चित्रावर जातो. तुमच्या ते लक्षात आलं का, कुणास ठाऊक.

आता माझं.

1986 चा जुलै. दक्षिण मुंबईतल्या एका जुन्या चार मजली चाळीचा मागचा भाग रात्रीच्या पावसात खाली आला. मी एका वृत्तसंस्थेसाठी रोजावर काम करत होतो. फिल्म मागे पडून आमच्याकडे यू-मॅटिक, म्हणजे कॅसेटवरचं व्हिडिओ चित्रण, आलं होतं. हल्लीच्या मुलांना हे सांगावंच लागतं, की आमच्या त्या व्हिडिओ कॅमेऱ्यात टेप नसायची. कॅमेरा माझ्या खांद्यावर. रेकॉर्डर, म्हणजे दहा-बारा किलोचा डबा, असिस्टंटच्या खांद्यावर पट्ट्याने लटकवलेला. आणि दोघांमध्ये बोटाएवढी जाड वायर, दोन-अडीच मीटरची. मी जिथे जाईन तिथे त्याला यावंच लागे. मी पळालो की तो पळणार, मी थांबलो की तो थांबणार.

माझ्याबरोबर जो मुलगा होता त्याचं नाव मी लिहीत नाही. विचारलं होतं. "नको दादा, उगाच कशाला," म्हणाला. तेव्हा बावीसचा होता, चिपळूणकडचा. उजव्या हातात माइक, डावा हात माझ्या कमरेच्या पट्ट्यावर. फाइंडरला डोळा लावून उलटं चालणाऱ्या माणसाला मागचं काही दिसत नाही. उजव्या खांद्यावर कॅमेरा असला की उजवी बाजूही गेली. म्हणून पट्टा धरणारा हात हेच त्याचे डोळे. आमची खूण ठरलेली होती. पट्ट्याला एक हिसका म्हणजे थांबा. दोन हिसके म्हणजे निघा, लगेच. ही खूण मीच त्याला शिकवली होती, माझ्या उस्तादांनी मला शिकवली तशी. ते फिल्मच्या जमान्यातले, आयमो गळ्यात घालून फिरलेले. "कॅमेरा दोन माणसं चालवतात," म्हणायचे.

पोचलो तेव्हा फायर ब्रिगेडने दोर बांधला होता. दोराच्या अलीकडून सगळ्यांना मिळत होतं तेच मिळत होतं: ढिगारा, हेल्मेटं, पावसात भिजणारी गर्दी. मी दोराखालून आत गेलो. तो आला. न येऊन करतो काय?

आत, उघड्या पडलेल्या तिसऱ्या मजल्यावर, एक स्वयंपाकघर अर्धं शिल्लक होतं. पुढची जमीन गेलेली, मागची भिंत उभी. त्या भिंतीवर फळी आणि फळीवर ओळीने स्टीलचे डबे, मोठ्यापासून लहानापर्यंत, एकही न हललेला. सर्वांत लहान डब्याचं झाकण तेवढं तिरकं झालं होतं, सकाळी घाईत कुणी नीट न लावता ठेवावं तसं. पाऊस त्या स्टीलवर पडत होता आणि ते चकाकत होते. खाली, बरोबर त्याच रेषेत, जवान एका बाईला बाहेर काढत होते. डब्यांवरून सुरू करून सावकाश खाली येत त्या बाईवर थांबायचं. एकच शॉट. ते घर कुणाचं, हे एक शब्द न बोलता कळलं असतं. पण दोन्ही एका रेषेत धरायला मला मागे सरायला हवं होतं.

मागे शेजारच्या वाड्याची जुनी भिंत होती. दगड-मातीची, आठ-नऊ फूट उंच, फुगलेली. मी ती जाताना पाहिली होती. "दिसलीच नाही" असं मी कितीदा तरी सांगितलंय. पाहिली होती.

मी मागे सरू लागलो. तो म्हणाला, "दादा, माती पडतेय." मी "हं" म्हणालो. फाइंडरमध्ये डबे आले. दोन हिसके बसले. मी कमरेला झटका देऊन त्याचा हात सोडवला.

हे मी आजवर कुठेही लिहिलेलं नाही, भाषणात बोललेलो नाही, बायकोलाही उशिरा सांगितलं. मी झटका दिला. बैल शेपटीने माशी उडवतो तसा. त्याचा हात सुटला. तो मोकळा झाला असता, दोन उड्यांत दोराबाहेर गेला असता, पण वायर होती. वायरीच्या एका टोकाला मी होतो आणि मी हलत नव्हतो. खांद्यावरून रेकॉर्डर टाकून पळाला असता तर माझी टेप गेली असती, आणि टेप टाकून पळणाऱ्याला उद्या कुणी कामावर बोलवत नाही, हेही मीच त्याला शिकवलं होतं. तो उभा राहिला.

भिंत पडताना आवाज फार मोठा झाला नाही. ओली भिंत बसते. मला मागून जोरात ओढलं गेलं, वायर कॅमेऱ्यातून उपटून निघाली, मी पडलो. कॅमेरा मी छातीवर घेतला, जमिनीला लागू दिला नाही. उठलो. आणि तुम्हाला खरं हवंय म्हणून सांगतो, उठल्यावर मी आधी लेन्स बघितली. बोटाने पुसली. मग त्याच्याकडे वळलो.

तो कमरेपर्यंत दगडांत होता. रेकॉर्डर त्याच्या मांडीवर आडवा आणि पट्टा अजून खांद्यात. एक जवान शिव्या देत धावत आला. त्या शिव्या मला होत्या आणि योग्य होत्या. चौघांनी मिळून त्याला काढला, मी पाचवा. डावा पाय गुडघ्याखाली भलतीकडेच वळला होता. तो रडत नव्हता. "टेप चालू आहे," एवढं म्हणाला.

तीन ऑपरेशनं झाली. गुडघा वाकायचा तो वाकला नाही. रोजंदारीचा माणूस, व्हाउचरवर सही करून पैसे घेणारा. कागदोपत्री तो त्या दिवशी तिथे नव्हताच. संस्थेने पहिल्या ऑपरेशनचे पैसे दिले आणि पुढे कुणी फोन उचलेना. आम्ही सात-आठ कॅमेरामनांनी वर्गणी काढली. ती किती पुरणार?

शॉट त्या रात्री दाखवला गेला. नऊ सेकंद. डब्यांपासून बाईपर्यंत, अखंड. अगदी हवा होता तसा.

हे झाल्यावर मी काय केलं असेल? दुसऱ्या आठवड्यात नवा असिस्टंट घेऊन कामाला लागलो. आणि 1994 साली एका दिवाळी अंकात लेख लिहिला. तो परवा पुन्हा काढून वाचला. त्यात मी लिहिलंय, "पाठीमागे भिंत कोसळली तरी खऱ्या कॅमेरामनची चौकट हलत नाही." या वाक्याचं तेव्हा फार कौतुक झालं. पत्रं आली. आता ते वाचताना मला त्या लेखकाची कॉलर धरावीशी वाटते. अरे, चौकट हलली नाही कारण हलण्याचं काम दुसऱ्याच्या वाट्याला आलं! त्याच लेखात पुढे "भिंत अचानक कोसळली" असंही आहे. आणि असिस्टंटचा उल्लेख एका ओळीत, "माझा सहकारी जखमी झाला", एवढाच.

अचानक नव्हती. हे मी त्या रात्रीपासून जाणून होतो. माइक थेट रेकॉर्डरला जोडलेला होता. वायर उपटल्यावर चित्र गेलं, आवाज टेपवर येत राहिला. रात्री एडिटिंगच्या खोलीत संकलकाने तो मला एकदाच ऐकवला. यंत्रावर सेकंदांचे आकडे पळत असतात. "दादा, माती पडतेय" हे शब्द आणि भिंत यांच्यात अकरा सेकंद आहेत. मधे एकदा "दादा, वायर काढा" असंही आहे. ते मला तिथे ऐकूच आलं नव्हतं, किंवा आलं होतं. अकरा सेकंद म्हणजे मॅलिन्सच्या हँडलचे बावीस फेरे. भाषणात हात फिरवून दाखवतो तेव्हा बावीसच्या पुढे मला फिरवता येत नाही. मोजायचं नाही ठरवलं तरी हात मोजतो.

टेपा तेव्हा महाग. वापरलेल्या पुसून पुन्हा घेत. संकलकाने ही पुसायला दिली नाही. माझ्या हातात ठेवली आणि म्हणाला, "ही तू ठेव."

आता माझी बाजू. ती मला मांडू द्या, कारण वरचं सगळं वाचून तुम्ही निकाल लावून मोकळे व्हाल. तो शॉट बरोबर होता. आजही म्हणतो. ढिगाऱ्याचे शॉट त्या दिवशी पाच जणांकडे होते आणि एकात माणूस दिसत नव्हता. चाळ पडली हे सगळ्यांनी दाखवलं, घर पडलं हे त्या नऊ सेकंदांत दिसलं. दोराबाहेर उभं राहून ते मिळालं नसतं. जे म्हणतात "थोडं मागे राहिला असता तर काय बिघडलं असतं", त्यांनी पेपरातला कुठला फोटो आयुष्यभर लक्षात ठेवलाय ते आठवावं. मागे राहून काढलेला फोटो कुणाच्याच लक्षात राहत नाही. सोम, शांघाय, हे आपल्याला माहीत आहे ते कुणीतरी उभं राहिलं म्हणून.

पण उभं कोण राहिलं? इथे माझी बाजू लंगडी पडते, मला कळतं. मी स्वतःचा जीव लावला असता तर तो माझा हिशेब होता. मी वायरीच्या दुसऱ्या टोकाचा जीव लावला, त्याला न विचारता. उलट मी विचारलं नसताना त्याने सांगितलं, दोनदा, आणि मी झटका दिला.

दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धात डिक्सन नावाचा कॅमेरामन बायोग्राफ कंपनीचा कॅमेरा घेऊन गेला होता. कॅमेरा इतका अवजड की त्याला घोडागाडी लागे आणि बरोबर सहायक लागत. जानेवारी 1900 मध्ये स्पियन कॉपच्या लढाईच्या वेळी त्याने जखमींना नेणारं पथक नदी ओलांडताना टिपलं. त्याच लढाईत आपले गांधीजी तिथल्या नाताळ प्रांतातल्या हिंदी लोकांना घेऊन डोल्या वाहत होते, हे मी भाषणात आवर्जून सांगतो आणि सभागृह खूश होतं. गाडी हाकणाऱ्यांबद्दल, ट्रायपॉड उचलणाऱ्यांबद्दल मला आजवर एकानेही विचारलेलं नाही. मीही सांगत नाही. माझ्या भाषणातल्या सगळ्या चित्रांत कॅमेऱ्यामागे एकच माणूस उभा आहे.

डेमियन पॅरर तुम्हाला आठवत असेल, ऑस्ट्रेलियन कॅमेरामन, ज्याच्या दुसऱ्या महायुद्धातल्या कोकोडा आघाडीच्या वृत्तचित्राला ऑस्कर मिळालं. 17 सप्टेंबर 1944 ला पेलेल्यू बेटावर तो रणगाड्याच्या आडोशाने उलटा चालत होता, मागून येणाऱ्या सैनिकांचे चेहरे घेण्यासाठी. मशीनगनची गोळी लागून गेला. बत्तीस वर्षांचा होता. लग्नाला सहा महिने झाले होते आणि मूल त्याच्या मागे जन्मलं. "उलटा चालत" हे मी वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं. तो एकटाच होता म्हणून मला त्याचा हेवा वाटला, हे लिहिताना लाज वाटतेय, पण वाटला.

चिपळूणला मी वर्षातून एकदा जातो. त्याने तिथे एस.टी.डी. बूथ घातला होता, पुढे झेरॉक्स, आता मुलगा सांभाळतो. पहिली काही वर्षं मी गेलो की दोघंही पावसाबद्दल बोलायचो. वहिनी चहा देऊन आत जायच्या, बाहेर थांबायच्या नाहीत. त्यांचा राग मला कळायचा आणि तो मला बरा वाटायचा. त्याच्याकडे राग नव्हता, त्याने मी हैराण व्हायचो.

सात-आठ वर्षांपूर्वी त्याला माझी मुलाखत कुठेतरी ऐकायला मिळाली होती. त्यात तोच प्रश्न आणि माझं तेच उत्तर. पाय लांब करून खुर्चीत बसला होता, गुडघा चोळत. म्हणाला, "दादा, फाइंडरला डोळा लावला की भीती जाते म्हणालात."

"हो."

"माझ्याकडे फाइंडर नव्हता ना."

मी काही बोललो नाही.

"मला सगळं दिसायचं," तो म्हणाला. "तुमच्या पाठीमागचं, बाजूचं, वरचं. ते बघायलाच तर मला ठेवलं होतं. रोज भ्यायचो मी. घरून निघताना पोटात कळ यायची. तुम्हाला कधी सांगितलं नाही, काम गेलं असतं."

मग झेरॉक्सला कुणी आलं आणि तो काठी घेऊन उठला.

तर तुमच्या प्रश्नाचं उत्तर हे. भीती होती. आमच्या दोघांमध्ये मिळून जेवढी होती ती सगळी एकाने बाळगली आणि दुसरा त्याबद्दल भाषणं देतो. मॅलिन्सच्या, वाँगच्या बाबतीत असंच होतं असं मी म्हणत नाही. ती माणसं माझ्यापेक्षा मोठी होती, त्यांनी आपल्या कातडीवर घेतलं. पण पुढच्या भाषणाला तुम्ही आलात आणि मी पुन्हा तेच फाइंडरचं वाक्य म्हणालो, तर मला अडवा. मी म्हणेन बहुतेक. तोंडात बसलंय ते.

आणि तरी, आज कुणी मला त्याच अंगणात उभं केलं, तेच डबे, तोच पाऊस, तर मी मागे सरणार नाही असं शपथेवर सांगता येत नाही. पट्टा धरलेला हात झटकणार नाही, हे सांगतो. ते तरी नक्की का? तेव्हाही मला विचारलं असतं तर मी नक्कीच म्हणालो असतो.

ती यू-मॅटिक कॅसेट अजून घरात आहे, कपाटाच्या वरच्या फळीवर, प्लॅस्टिकच्या पिशवीत. दर पावसाळ्यात बुरशी धरलीय का ते उतरवून बघतो. पुण्यात एकाकडे चालू स्थितीतलं मशीन आहे. आणखी काही वर्षांनी टेपवर काही उरणार नाही, आत्ताच काढून घ्या, म्हणून तो मागे लागलाय. मी चिपळूणला फोन करून विचारलं, काय करू. तो थोडा वेळ गप्प होता. मग म्हणाला, "माझा आवाज आहे त्यात. पाऊस उघडू दे, इकडे घेऊन या, मग बघू."

मी अजून पुण्याला काही कळवलेलं नाही.